लाल क्रॉस काळा का दिसतो?

पूर्वी चित्रपटगृहात मुख्य चित्रपट सुरू होण्याआधी समाचारचित्र दाखवले जाई. धरणाचे उद्घाटन, पूरग्रस्तांना धान्यवाटप, क्रिकेटचा सामना असे तुकडे एकामागून एक पडद्यावर येत. अनेक शिक्षकांना ते आठवत असेल. या समाचारचित्रांची परंपरा बरीच जुनी आहे. फ्रान्समध्ये पाथे कंपनीने १९०८-०९च्या सुमारास नियमित वृत्तचित्रे काढायला सुरुवात केली. ब्रिटनमध्ये ती १९१० साली आली. त्याआधीही बातमीवजा छोटे चित्रपट तयार होतच होते. आपल्याकडे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी डिसेंबर १९०१मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांच्या मुंबईतल्या स्वागताचे चित्रण केले, ते याच प्रकारातले.

या जुन्या वृत्तचित्रांत युद्धाची दृश्ये खूप आहेत. पण नीट पाहिले तर त्यांत प्रत्यक्ष लढाई फारच कमी दिसते. दिसतात ते जखमींना वाहून नेणारे लोक, मलमपट्टी करणारे डॉक्टर, रुग्णवाहिका, निर्वासितांच्या रांगा आणि सुपाची भांडी. हे असे का असावे? या प्रश्नाचे उत्तर शोधताना भौतिकशास्त्र, रसायनशास्त्र आणि इतिहास हे तिन्ही विषय एकत्र येतात. म्हणून शिक्षकांनी तो वर्गात जरूर घ्यावा असे आम्हाला वाटते. सुरुवात एका छोट्या कोड्यापासून करू या. या वृत्तचित्रांत डॉक्टरांच्या दंडावरच्या पांढऱ्या पट्टीवर क्रॉस असतो. तो राखाडी नसतो, अगदी काळा असतो. मग त्याला रेडक्रॉस कसे म्हणायचे?

फिल्मला लाल रंग दिसत नव्हता

१८६४ सालच्या जिनिव्हा करारात युद्धभूमीवरच्या वैद्यकीय सेवेसाठी एक खूण ठरवण्यात आली: पांढऱ्या पार्श्वभूमीवर लाल क्रॉस. स्वित्झर्लंडच्या झेंड्यातल्या रंगांची ही अदलाबदल होती. ही खूण लांबून उठून दिसते. ती पाहिल्यावर गोळी झाडायची नाही, असा तिचा अर्थ. सगळी भिस्त डोळ्याला चटकन दिसण्यावर.

कॅमेऱ्यातली फिल्म मात्र डोळ्यासारखी पाहत नाही. फिल्मवर चांदीच्या क्षारांचा लेप असतो. या क्षारांवर मुळात फक्त जांभळ्या आणि निळ्या प्रकाशाचा परिणाम होतो, कारण त्या प्रकाशाच्या कणांमध्ये पुरेशी ऊर्जा असते. लाल प्रकाशाच्या कणांची ऊर्जा कमी पडते. १८७३ साली हर्मान फोगेल या जर्मन शास्त्रज्ञाला असे आढळले, की लेपात विशिष्ट रंगद्रव्ये मिसळली तर तो हिरव्या प्रकाशालाही प्रतिसाद देतो. अशा फिल्मला ‘ऑर्थोक्रोमॅटिक’ म्हणतात. पहिल्या महायुद्धातली बहुतेक वृत्तचित्रे अशाच फिल्मवर घेतलेली आहेत. लाल प्रकाशाला ती जवळजवळ आंधळीच होती. लाल क्रॉसकडून येणाऱ्या प्रकाशाचा नेगेटिव्हवर परिणाम होत नसे. तेवढा भाग पारदर्शक राहत असे, आणि त्यावरून पॉझिटिव्ह प्रत काढली की तिथे काळा रंग उमटे. रक्ताचेही तेच होई. निळे आकाश मात्र पांढरेफटक येई. सर्व रंगांना प्रतिसाद देणारी ‘पॅनक्रोमॅटिक’ फिल्म १९२०च्या दशकात रुळली.

हे वर्गात सहज दाखवता येते. पांढऱ्या कागदावर लाल क्रॉस रंगवा आणि तो गडद निळ्या किंवा हिरव्या जिलेटिन कागदातून पाहा. (एक घडी पुरली नाही तर दोन घ्या.) जिलेटिन कागद लाल प्रकाश अडवतो, त्यामुळे क्रॉस काळा दिसतो. आता लाल जिलेटिन कागदातून पाहा. पांढरा कागदही लाल होतो आणि क्रॉस त्यात जवळजवळ नाहीसा होतो. क्रॉस तोच, कागदही तोच. बदलले फक्त पाहण्याचे साधन. पुढच्या सगळ्या विवेचनाचे सूत्र हेच आहे.

लढाई निसटते, मदत सापडते

आता कॅमेऱ्याकडे वळू. पहिल्या महायुद्धाच्या काळातला कॅमेरा लाकडी तिकाटण्यावर ठेवून हाताने फिरवावा लागे. हँडल एका सेकंदाला दोनदा फिरवायचे आणि दर फेऱ्याला आठ चित्रे घ्यायची. म्हणजे सेकंदाला १६ चित्रे. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मवर एका फुटात १६ चित्रे मावतात. म्हणून दर सेकंदाला एक फूट फिल्म खर्च होई. ४०० फुटांची डबी सहा मिनिटे चाळीस सेकंदांत संपे. मग अंधारात नवी भरायची. फिल्मचा पाया सेल्युलोज नायट्रेटचा होता, आणि हा पदार्थ चटकन पेट घेणारा. फिल्मची प्रकाशग्रहणक्षमताही बेताची. भरपूर सूर्यप्रकाश असेल तरच चित्र उमटे. दूरचे मोठे करून दाखवणारी भिंगेही आजच्यासारखी नव्हती.

अशा यंत्राने लढाई टिपणे जवळजवळ अशक्यच होते. सैनिक खंदकात लपलेले, शत्रू दूर, हल्ला पहाटेच्या अंधुक उजेडात किंवा धुरात. त्यात कॅमेरावाला तिकाटण्यामागे ताठ उभा राहिला, तर तोच नेमबाजांना पहिला दिसणार.

मदतीचे काम याच्या नेमके उलट. ते एका जागी चालते. दवाखान्याचा तंबू, नदीचा उतार, स्टेशनचा फलाट या जागा आधीपासून ठाऊक असतात. काम सावकाश चालते आणि पुन्हा पुन्हा होते. एक जखमी गेला की दुसरा येतो. एक संधी हुकली तरी दुसरी मिळते. शिवाय हे काम आघाडीच्या थोडे मागे, दिवसाउजेडी चालते. त्यामुळे युद्धाची बातमी टिपायला गेलेल्या कॅमेऱ्याच्या हाती बहुतेक वेळा मदतकार्यच लागले. यात करुणेचा भाग असेलही, पण भिंग, फिल्म आणि सूर्यप्रकाश यांनी हा मार्ग आधीच आखून दिला होता.

मात्र मदतकार्यातही कॅमेऱ्याला सगळे दिसत नव्हते. हे समजण्यासाठी दक्षिण आफ्रिकेतले एक उदाहरण पाहू.

तुगेला नदी, जानेवारी १९००

ऑक्टोबर १८९९मध्ये ब्रिटिश आणि बोअर लोकांचे युद्ध सुरू झाले. त्याच महिन्यात ब्रिटिश सेनापती बुलर ज्या जहाजाने दक्षिण आफ्रिकेला निघाले, त्याच जहाजावर विल्यम डिक्सन हा चित्रणकार होता. एडिसनच्या प्रयोगशाळेत चलत्चित्राचे यंत्र विकसित करण्यात त्याचा मोठा वाटा होता. आता तो बायोग्राफ कंपनीसाठी काम करत होता.

बायोग्राफचा कॅमेरा हा एक अजस्र प्रकार होता. त्याची फिल्म ६८ मिलिमीटर रुंद. एकेक चित्र सुमारे दोन इंच उंच आणि अडीच इंच रुंद, म्हणजे नेहमीच्या ३५ मिलिमीटर चित्राच्या सुमारे सात पट क्षेत्रफळाचे. सेकंदाला तीस किंवा त्याहून अधिक चित्रे घेतली जात. हिशेब करून पाहा: तीस चित्रे, प्रत्येक दोन इंचांचे, म्हणजे सेकंदाला पाच फूट फिल्म! चित्र अतिशय स्पष्ट येई, पण एका मिनिटाला ३०० फूट फिल्म लागे. कॅमेरा विजेच्या मोटरवर चाले, म्हणून बरोबर जड बॅटऱ्या. हे सगळे सामान घोडागाडीत घालून डिक्सन सैन्याच्या मागोमाग फिरत होता.

२३ जानेवारीच्या रात्री ब्रिटिश सैन्य तुगेला नदीपलीकडच्या स्पिऑन कॉप या टेकडीवर चढले. २४ तारखेला दिवसभर माथ्यावर भयंकर लढाई झाली आणि रात्री ब्रिटिशांनी माघार घेतली. शेकडो सैनिक मेले, त्याहून कितीतरी अधिक जखमी झाले. डिक्सनच्या कॅमेऱ्याने या प्रसंगातले जे टिपले, ते आजही जतन केलेले आहे. रुग्णवाहिकांची लांबलचक रांग तुगेला नदी ओलांडते आहे. चित्रपट एका मिनिटाच्या आसपासचा, पण पाहणाऱ्याला जखमींच्या संख्येचा अंदाज येतो.

टेकडीवरून जखमी या गाड्यांपर्यंत कसे आले? खडकाळ उतारावर चाके चालत नाहीत. तिथे माणसांचे खांदेच लागतात. नाताळमधल्या हिंदी लोकांचे एक शुश्रूषा पथक त्या वेळी याच आघाडीवर काम करत होते. मोहनदास गांधी या तीस वर्षांच्या बॅरिस्टरने पुढाकार घेऊन ते उभारले होते. पथकात सुमारे ११०० माणसे होती. त्यांपैकी ३००च्या आसपास स्वतंत्र हिंदी आणि उरलेले गिरमिटिये, म्हणजे करारावर आणलेले मजूर. डॉ. बूथ यांनी त्यांतल्या काहींना शुश्रूषेचे शिक्षण दिले होते. पथकाने तोफांच्या माऱ्याच्या टप्प्यात जायचे नाही असे आधी ठरले होते. स्पिऑन कॉपनंतर मात्र बुलर यांचा निरोप आला: तुमच्यावर बंधन नाही, पण रणभूमीवरून जखमी आणलेत तर आम्ही आभारी राहू. पथक गेले. जखमींच्या डोल्या खांद्यावर घेऊन ही माणसे दिवसाला वीस ते पंचवीस मैल, म्हणजे ३२ ते ४० किलोमीटर चालत असत, असे गांधीजींनी आत्मकथेत लिहिले आहे. आपली मनोमन सहानुभूती बोअरांकडे होती. पण ब्रिटिश प्रजा म्हणून हक्क मागायचे तर त्या नात्याने येणारे कर्तव्यही करायला हवे, अशी तेव्हाची आपली भूमिकाही त्यांनी तिथेच सांगितली आहे.

म्हणजे एकाच मदतकार्याचे दोन भाग होते. चाकांचा भाग सपाटीवर आणि उजेडात होता. तो फिल्मवर आला. खांद्यांचा भाग चढउतारावर, अवेळी आणि गोळीच्या टप्प्यात होता. घोडागाडीतला कॅमेरा तिथे जाऊच शकत नव्हता. या डोलीवाल्यांची आठवण टिकली ती लेखनातून, काही स्थिर छायाचित्रांतून आणि बुलर यांच्या खलित्यातल्या उल्लेखातून. त्यातही पदके मिळाली ती पथकाच्या नायकांना. आठशे गिरमिटियांपैकी बहुतेकांची नावे आपल्यापर्यंत पोचलेली नाहीत. फिल्ममध्ये नाही म्हणजे घडलेच नाही असे आपण धरून चाललो, तर सर्वांत अवघड काम करणारेच इतिहासातून गळतात.

खरे कोणते, रचलेले कोणते?

कॅमेऱ्याला जे सापडत नसे ते काही जण रचून दाखवत. बोअर युद्धाच्या काळात रेडक्रॉसच्या तंबूवर बोअर सैनिक हल्ला करतात अशी दृश्ये इंग्लंडमध्येच, नट घेऊन चित्रित झाली. तंबूवरची खूण प्रेक्षकाला ओळखीची, त्यामुळे शत्रूविषयी संताप पेटवायला ती उपयोगी पडे. दयेची खूण द्वेषाच्या कामी लावली गेली, ती अशी.

१९१६च्या ऑगस्टमध्ये ब्रिटनमध्ये ‘द बॅटल ऑफ द सोम’ हा चित्रपट प्रदर्शित झाला. जेफ्री मॅलिन्स आणि जॉन मॅकडॉवेल यांनी फ्रान्समधल्या आघाडीवर तो चित्रित केला होता. पहिल्या सहा आठवड्यांत सुमारे दोन कोटी लोकांनी तो पाहिला असे मानले जाते. यातले सैनिक खंदकातून बाहेर पडून हल्ल्याला निघतात, हे सर्वांत गाजलेले दृश्य. पण अभ्यासकांच्या मते ते आघाडीच्या मागे सरावाच्या जागी रचलेले आहे. सैनिकांच्या पाठीवर अवजड सामान नाही, आणि कॅमेरा अशा उघड्या जागी आहे, की खऱ्या लढाईत चित्रणकार जिवंत राहिला नसता.

याच चित्रपटात जखमींवर उपचार होत असलेले केंद्र दिसते. एक सैनिक आपल्या जखमी सोबत्याला पाठीवर घेऊन खंदकातून येतो तेही दिसते. हा जखमी अर्ध्या तासात मरण पावला, असे पडद्यावरची अक्षरे सांगतात. मदतीची ही दृश्ये खरी मानली जातात. त्या वाहून आणणाऱ्याची ओळख मात्र खात्रीने पटलेली नाही. ‘हे आमच्या घरातले’ असे सांगणारी कितीतरी कुटुंबे पुढे आली. आधी सांगितलेले सूत्र इथेही लागू पडते: हल्ला रचावा लागला, मदत रचावी लागली नाही.

जिथे चित्र नाही

आता एक प्रसंग असा पाहू, जिथे मदतकार्य कोलमडले. नोव्हेंबर १९१५मध्ये, आजच्या इराकमध्ये, बगदादच्या अलीकडे टेसिफॉन इथे ब्रिटिश-हिंदी सैन्याची तुर्कांशी लढाई झाली. लढणारी तुकडी होती सहावी पुणे डिव्हिजन. तिच्यात मराठा पलटणीही होत्या. हजारो जखमींसाठी पुरेशा रुग्णवाहिका नव्हत्या, डॉक्टर नव्हते, इस्पितळी बोटी नव्हत्या. जखमींना स्प्रिंग नसलेल्या गाड्यांतून नदीपर्यंत आणि तिथून मालवाहू पडावांतून बसऱ्याकडे नेण्यात आले. इंडियन मेडिकल सर्व्हिसमधले मेजर कार्टर तेव्हा बसऱ्याला एका इस्पितळी जहाजावर होते. येणाऱ्या बोटीच्या कडांवरून दोरखंड लोंबत आहेत असे त्यांना वाटले. जवळ आल्यावर कळले की ती वाळलेली विष्ठा होती. हलता न येणारी माणसे कित्येक दिवस तशीच पडून होती. कार्टर यांनी तक्रार केली तेव्हा वरिष्ठांनी त्यांनाच धमकावले. पण पुढे चौकशी आयोग नेमला गेला आणि १९१७ साली त्याचा अहवाल प्रसिद्ध झाला.

ब्रिटिश सैन्याबरोबर अधिकृत चित्रणकार प्रथम पोचले ते नोव्हेंबर १९१५मध्येच, पण फ्रान्समध्ये. बसऱ्याच्या धक्क्यावरचे हे दृश्य आपल्याला माहीत आहे ते एका डॉक्टरच्या साक्षीमुळे. अधिकृत वृत्तचित्रे सरकारच्या परवानगीने निघत. जिथे मदत चोख होती तिथे कॅमेरा नेणे सर्वांच्याच सोयीचे होते. म्हणून स्वच्छ चादरींचे इस्पितळ पडद्यावर दिसले, की हे इस्पितळ कोणी दाखवले आणि न दाखवलेले कोणते, हेही विचारायला हवे.

मदतीसाठीच काढलेली चित्रे

युद्ध संपल्यावर एक नवी गोष्ट घडली. मदत करणाऱ्या संस्थांनीच कॅमेरा हाती घेतला. १९२१ साली जिनिव्हात भरलेल्या रेडक्रॉसच्या दहाव्या आंतरराष्ट्रीय परिषदेत आंतरराष्ट्रीय समितीने आपल्या कामाचे चित्रपट दाखवले. त्यांचे विषय होते युद्धकैद्यांची घरवापसी, कॉन्स्टँटिनोपलमधले रशियन निर्वासित, हंगेरीतली उपाशी मुले आणि पोलंडमधली टायफसची साथ. टायफस कपड्यांतल्या उवांमुळे पसरतो हे शार्ल निकोल यांनी १९०९ साली दाखवले होते. त्यामुळे साथ रोखायची म्हणजे माणसांना अंघोळ घालायची, केस कापायचे आणि कपडे वाफेत किंवा गरम हवेत निर्जंतुक करायचे. ही सगळी कृती पायरीपायरीने डोळ्यांना दिसणारी आहे. मदतकार्य म्हणजे निव्वळ दयाबुद्धी नव्हे, तर रोगाचे कारण ओळखून आखलेली पद्धत असते, हे सांगायला चित्रपट हे उत्तम माध्यम ठरले.

दुसरे उदाहरण रशियाचे. महायुद्ध आणि पाठोपाठचे यादवी युद्ध यांनी खिळखिळ्या झालेल्या व्होल्गा खोऱ्यात १९२१ साली अवर्षण पडले. त्या दुष्काळात सुमारे ५० लाख माणसे मेली. ब्रिटनमध्ये मात्र हा दुष्काळ खरा आहे का, आणि असला तरी परक्यांना पैसा का द्यायचा, अशी ओरड काही वृत्तपत्रांनी केली. एग्लंटाइन जेब यांच्या पुढाकाराने १९१९ साली स्थापन झालेल्या ‘सेव्ह द चिल्ड्रन’ फंडाने तेव्हा छायाचित्रकार जॉर्ज म्यूज यांना साराटोव्ह प्रांतात पाठवले. त्यांनी आणलेला चित्रपट १९२२ साली ठिकठिकाणी दाखवून निधी गोळा करण्यात आला. शंका घेणाऱ्यांसाठी तो पुरावा होता, आणि देणाऱ्यांसाठी आवाहनही. सर्वांत मोठे काम अमेरिकन मदतसंस्थेचे होते. १९२२च्या उन्हाळ्यात ती रोज सुमारे एक कोटी लोकांना जेवू घालत होती.

इथे एक कठीण प्रश्न उभा राहतो. हाडांचा सापळा झालेल्या मुलाचे चित्र पाहून लोक पैसे देतात आणि त्या पैशांतून दुसरी मुले वाचतात. पण ज्याचे चित्र घेतले त्याला कोणी विचारले होते का? त्याचे नाव कुठे आहे? शंभर वर्षांनंतरही हा वाद संपलेला नाही. विद्यार्थ्यांना त्याचे तयार उत्तर देऊ नये. दोन्ही बाजू त्यांनीच तोलून पाहाव्यात.

वर्गात कसे पाहावे?

आज ही जुनी चित्रे संगणकावर किंवा मोबाईलवर सहज मिळतात. ती दाखवताना एक काळजी घ्यावी. सेकंदाला १६ चित्रे या वेगाने घेतलेली फिल्म २४च्या वेगाने चालवली, की सगळ्या हालचाली दीडपट जलद होतात. डोली उचलून नेण्याचे बारा सेकंदांचे काम आठ सेकंदांत उरकते. माणसे तुरुतुरु चालतात आणि मुलांना हसू येते. त्यात मुलांचा दोष नाही. वेग कमी करून तेच दृश्य पुन्हा दाखवा. डोलीवाल्याच्या खांद्यावरचा भार जाणवू लागतो आणि वर्ग शांत होतो.

मग चार प्रश्न विचारा. कॅमेरा कुठे उभा आहे, आणि तिथे उभे राहणे शक्य होते का? प्रकाश कुठून आणि किती आहे? हे चित्रण कोणी आणि कशासाठी करवले? आणि चौकटीच्या बाहेर कोण असेल? पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे विज्ञानाच्या तासाला मिळतील, तिसऱ्याचे इतिहासाच्या. चौथ्यासाठी पत्रे, अहवाल, आत्मचरित्रे धुंडाळावी लागतील.

हे प्रश्न केवळ जुन्या फितींपुरते नाहीत. आजही युद्धाची आणि मदतकार्याची चित्रे रोज मुलांच्या हातातल्या पडद्यावर येतात. आता रंग खरे दिसतात आणि क्रॉस लालच असतो. पण कॅमेरा कुठे पोचला आणि कुठे पोचू दिला नाही, हा प्रश्न तसाच आहे. रचलेली चित्रे ओळखणे तर अधिकच अवघड झाले आहे. निळ्या जिलेटिन कागदातून क्रॉस पाहिलेल्या मुलाला एवढे नक्की कळलेले असते, की समोर दिसते त्याबरोबर पाहण्याचे साधनही तपासावे लागते. ही सवय शाळेत लागली, तर तुगेलाकाठच्या नावे हरवलेल्या डोलीवाल्यांसारखी माणसे त्याला चौकटीबाहेर शोधावीशी वाटतील.